फिर्मिन पोस्टमनचं कोमट बदक

फिर्मिन दारोल एकतीस वर्षं पोस्टमन होता आणि तेवढ्या काळात त्याने घरी अंड्यापलीकडे काही शिजवलं नव्हतं. आई होती तोवर आई रांधायची. आई गेली तेव्हा गावाला वाटलं, आता हा एकटा जीव वाळत जाणार. झालं उलटंच. फिर्मिनच्या गणवेशाची बटणं दर दोन वर्षांनी सरकवावी लागायची. कारण त्याचं जेवण घरी नव्हतंच, ते टपालाच्या रस्त्यावर होतं.

फ्रान्सच्या नैर्ऋत्येला, गास्कोनीतल्या त्या टेकड्यांवर शेतघरं एकमेकांपासून लांब लांब आहेत. फिर्मिनच्या वाट्याला अठ्ठावीस दारं होती, पण टेकायची तीनच. सकाळी आठला ओर्तांस लापेरकडे लसणाचं सूप. साडेदहाला फिलोमेन बार्तकडे तिच्या हातच्या मांसाच्या वडीचा जाडजूड काप आणि पाव. बारा वाजता झेली कासान्यकडे चुलीवर जे असेल ते, आणि वर कॉफी. झेली विधवा होती. तुलूजला असणारा तिचा मुलगा तिला वर्षातून चार पत्रं पाठवायचा. पोस्टमन मात्र रोज यायचा.

तिघीही बदकं पाळायच्या, मका भरवून हिवाळ्यापर्यंत तयार करायच्या, आणि तिघींचंही ठाम मत होतं की बाकीच्या दोघींना बदकातलं काही कळत नाही. त्यामुळे फिर्मिन जेवायला बसला की चौकशी व्हायची.

"काय रे, ओर्तांसने काय दिलं सकाळी?" फिलोमेन पावाचा तुकडा कापता कापता विचारायची.

"सूप."

"कसं होतं?"

"होतं बरं." मग फिर्मिन घास गिळायचा आणि आवाज जरा खाली आणायचा. "पण तुमच्या हाताची सर नाही हो."

हे वाक्य त्याने तिन्ही घरांत, एकतीस वर्षं, रविवार सोडून रोज उच्चारलं. त्याच्या मते यात खोटं काही नव्हतं. सायकलवरून टेकडी चढून आलेल्या माणसाला समोरचं ताट सगळ्यात चांगलंच लागतं.

फेब्रुवारीच्या शेवटी तो निवृत्त झाला. पोस्टाच्या लोकांनी ओश शहरातल्या एका हॉटेलात त्याला निरोपाचं जेवण दिलं. साहेबांचं भाषण त्याच्या डोक्यावरून गेलं, कारण भाषण सुरू असतानाच समोर एक बशी आली होती. हिरव्या कडवट पाल्यावर बदकाच्या छातीचे पातळ काप पंख्यासारखे मांडलेले, कडेने कुरकुरीत, मधे गुलाबी. वर अक्रोड, लसूण चोळलेल्या पावाचे तुकडे आणि आंबटगोड रस. पाला गार, बदक गरम, आणि घास तोंडात गेला की सगळं मिळून कोमट. फिर्मिनने उभ्या आयुष्यात बदक खाल्लं होतं ते चरबीत तासन्‌तास शिजवून बरणीत मुरवलेलं. हे म्हणजे त्याच ओळखीच्या बाईला पहिल्यांदाच लग्नाच्या पोशाखात पाहावं तसं होतं. त्याने थेट मुदपाकखान्यात जाऊन आचाऱ्याला गाठलं.

आचारी घाईत होता. "कातडीला चिरा द्या. थंड तव्यावर कातडीची बाजू खाली. तेल, लोणी काही नको, त्याची चरबी तोच सोडतो. मंद आचेवर आठ-दहा मिनिटं, चरबी ओतून घ्या, उलटवा, अजून तीन. मग झाकून जरा विसावू द्या. काप करा, तव्यात व्हिनेगर आणि चमचाभर मध, ते पाल्यावर ओता आणि पळत सुटा."

"पळत कुठे?"

"टेबलाकडे! कोमटपणा चार मिनिटं टिकतो. पाचव्या मिनिटाला ते नुसतं ओलं गवत होतं."

त्यानंतर तीन आठवडे फिर्मिन घरात बसला. सकाळी सहाला उठायचा, दाढी करायचा, बूट चढवायचा आणि दाराशी जाऊन थांबायचा. पोटाला ओर्तांसच्या सुपाची वेळ बरोबर कळत होती. पण हातात पत्र नसताना कुणाच्या दारात उभं कसं राहायचं, हे त्याला माहीत नव्हतं. काय सांगणार? जेवायला आलो? तो बूट काढायचा आणि अंडं फोडायचा.

बाविसाव्या दिवशी अंड्याकडे बघता बघता त्याच्या मनात आलं, आपणच त्यांना बोलवावं. एकतीस वर्षं खाल्लं, एकदा खाऊ घालावं. त्याने तीन चिठ्ठ्या लिहिल्या, पाकिटात घातल्या, तिकिटं लावली आणि स्वतःच्याच जुन्या पोस्टात टाकल्या. रविवारी दुपारी, साडेबाराला, तिघींनी यावं. ओर्तांसने नवरा आन्सेल्मला घेऊन यावं.

चिठ्ठ्या पेटीत पडल्यावर त्याला घाम फुटला. या तिघींना खायला काय घालणार? सूप केलं तर ओर्तांस हसेल, मांसाची वडी केली तर फिलोमेन, आणि मुरवलेलं बदक केलं तर तिघी मिळून. उरलं एकच. ते हॉटेलातलं. ते यांच्यापैकी एकीनेही कधी केलं नव्हतं, म्हणजे ते चुकलं तरी कुणाला कळणार नव्हतं.

पण बदक आणायचं कुणाकडून? ओर्तांसकडून आणलं तर फिलोमेन आयुष्यभर बोलणार नाही. फिलोमेनकडून आणलं तर झेली बोलेल, आणि ते त्याहून वाईट. शेवटी फिर्मिन टोपी डोळ्यांवर ओढून, बस पकडून, सोमवारी पलीकडच्या दरीतल्या सामातां गावच्या बाजाराला गेला. तिथे त्याला कुणी ओळखत नव्हतं. दोन लठ्ठ बदकं त्याने निवडली. विकणाऱ्या बाईने हाडांवरून मांस कोट उतरवावा तसं सफाईने उतरवून दिलं. छातीचे चार तुकडे, प्रत्येकावर बोटभर पांढरी चरबी. तीन जेवणासाठी, एक सरावासाठी, असा त्याचा हिशेब.

सराव गुरुवारी झाला. चिरा दिल्या, थंड तवा, मंद आच. चरबी सुटू लागली, वास असा दरवळला की फिर्मिन शीळ घालू लागला. मग आचाऱ्याने सांगितल्याप्रमाणे त्याने चरबी ओतायला तवा तिरका केला. फक्त खालचा गॅस बंद करायचा असतो हे आचारी सांगायला विसरला होता. भडका छताकडे गेला आणि जाता जाता फिर्मिनच्या मिशीची डावी बाजू घेऊन गेला. गावात कुणी त्याला मिशीशिवाय पाहिलं नव्हतं, त्यानेही नाही. उजवी बाजू एकटीच ठेवण्यात अर्थ नव्हता. त्याने वस्तरा घेतला. आरशात त्याच्या आईचा एक भाऊ दिसला, तोही न आवडणारा.

रविवारी सकाळी तो पाला खुडायला निघाला. मार्चमध्ये शेतांच्या बांधावर पिवळ्या फुलांच्या आधी जो कडवट, दातेरी पाला येतो, तो त्याला हवा होता. सगळ्यात कोवळा पाला कब्रस्तानाच्या भिंतीलगत असतो हे एकतीस वर्षं रस्ते तुडवलेल्या माणसाला ठाऊक होतं. टोपलीभर खुडला, चार पाण्यांतून धुतला. अक्रोड फोडले. पाव कापून लसूण चोळला. आईचं पांढरं टेबलक्लॉथ पसरलं, कापडी रुमालांच्या घड्या घातल्या, त्या जहाजासारख्या होण्याऐवजी लाथाडलेल्या चपलांसारख्या झाल्या, तशाच ठेवल्या.

बारा वीसला पाहुणे दारात हजर. आधी ओर्तांस, उंच, हाडकुळी, पाठीमागे आन्सेल्म. ओर्तांसच्या हातात झाकलेलं पातेलं होतं.

"हे काय?"

"सूप. असू दे आपलं जवळ." ती थबकली. "अरे देवा! मिशी कुठे गेली?"

"निवृत्त झाली," फिर्मिन म्हणाला.

फिलोमेन आली ती काखेत काचेची बरणी घेऊन. आत चरबीत मुरलेल्या बदकाच्या दोन तंगड्या. "म्हटलं, काही कमीजास्त झालं तर." झेलीने पेअरचा केक आणला होता आणि वर पिशवीत सहा अंडी. "तुला अंडी येतात एवढं तरी माहिती आहे," ती म्हणाली.

फिर्मिनच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. त्याने पातेलं, बरणी, केक आणि अंडी कपाटावर ठेवली, चौघांना टेबलापाशी बसवलं, प्रत्येकाच्या पुढ्यात गोड दारूचा छोटा ग्लास ठेवला आणि बजावलं, "आत कुणीही यायचं नाही." स्वयंपाकघरात जाऊन दार लावलं आणि दाराला आतून खुर्ची टेकवली.

बाहेर तिघी रुग्णाच्या खोलीबाहेर बसावं तशा बसल्या. आत तव्यावर चरचर सुरू झाली. तिघींनी माना तिरक्या केल्या.

"आच जास्त आहे," ओर्तांस हळूच म्हणाली.

"नाही गं. कातडी बोलतेय. ठीक आहे," झेली म्हणाली.

"आता कमी केली. हं. बरोबर केलं."

"उलटत का नाही हा?" फिलोमेनला बसवेना. "फिर्मिन! उलट ते!"

"अजून दोन मिनिटं!" आतून आवाज आला.

मग काहीतरी ओतल्याचा आवाज झाला. तिघी एकदम ताठ झाल्या.

"चरबी फेकली याने?" झेलीने छातीवर हात ठेवला. "फिर्मिन! चरबी फेकलीस?"

"वाडग्यात ठेवलीय!"

तिघींनी सुस्कारा सोडला. आन्सेल्मने ग्लास रिकामा केला आणि बायकोचाही ओढून घेतला. आन्सेल्म फार बोलायचा नाही. लग्नानंतर पहिल्या आठवड्यात त्याने दोनदा बोलायचा प्रयत्न केला होता असं म्हणतात.

बदक विसावत होतं, आणि रिकाम्या वेळात बायका बोलू लागल्या. सुरुवात ओर्तांसने केली.

"शिकेल बिचारा. पोटभर जेवायचं म्हटलं तर त्याला माझं सूपच. स्वतः म्हणायचा, तुमच्या हाताची सर नाही हो."

फिलोमेनने ग्लास खाली ठेवला. "काय म्हणायचा?"

"तुमच्या हाताची सर नाही."

"हे तो मला म्हणायचा. माझ्या वडीबद्दल. तुझ्या सुपाचं नाव काढलं की."

झेलीने एकीकडे पाहिलं, मग दुसरीकडे. "आवाज असा खाली आणून?"

"हो."

"घास गिळून झाल्यावर?"

"हो!"

आत फिर्मिन बदकाचे काप करत होता. त्याला शब्द ऐकू आले नाहीत, शांतता ऐकू आली. या तिघींना तो एकतीस वर्षं ओळखत होता, आणि त्या एका खोलीत असताना शांतता पसरावी असं फक्त दफनाच्या वेळी घडलं होतं. पण तवा गरम होता. त्याने व्हिनेगर ओतलं, मध टाकला, वाफेने डोळे चुरचुरले. पाच बशांत पाला, पाल्यावर काप, अक्रोड, पाव, वर रस. खुर्ची लाथेने दूर केली, दोन बशा हातांत, दोन दंडांवर, एक तर चक्क हनुवटीने दाबून तो बाहेर आला.

तिघी हाताची घडी घालून बसल्या होत्या.

"फिर्मिन," ओर्तांस म्हणाली, "जरा इकडे बघ. कुणाच्या हाताची सर कुणाला नाही?"

फिर्मिनने बशा कशाबशा टेबलावर ठेवल्या.

"आधी खाऊन घ्या," तो म्हणाला.

"आधी उत्तर दे."

"चार मिनिटं आहेत हो बाई! खाऊन घ्या, मग मारा मला!"

"एकतीस वर्षं थांबलो, अजून चार मिनिटं..." फिलोमेनने सुरुवात केली.

आणि तेव्हा फिर्मिन ओरडला. ज्याने कुत्र्यावरही कधी आवाज चढवला नव्हता, तो टेबलावर मूठ आपटून ओरडला, "गप्प बसा आणि जेवा! गार होतंय!"

आन्सेल्मने ताबडतोब काटा उचलला. त्याच्यामागोमाग तिघींनीही उचलला, रागापेक्षा आश्चर्याने.

ओर्तांसने एक काप काट्यावर धरून उजेडात पाहिला. "हे गुलाबी आहे. हे बदक अजून बोलतंय."

"असंच असतं ते."

"आजारी पडू."

"मग एकत्र पडू," झेली म्हणाली आणि घास तोंडात घातला. बाकीच्या दोघी तिच्या चेहऱ्याकडे बघत राहिल्या. झेलीने चावलं, थांबली, पुन्हा चावलं. मग दुसरा काप टोचला. हे पाहिल्यावर दोघींना राहवलं नाही.

आन्सेल्मने सगळ्यात आधी संपवलं, पावाने बशी पुसली, पाव खाल्ला आणि म्हणाला, "आणखी आहे?"

ओर्तांसने नवऱ्याकडे असं पाहिलं की जणू कपाट बोललं.

"आता उत्तर," फिलोमेन म्हणाली. तिच्याही बशीत एकच पान उरलं होतं.

फिर्मिन खुर्चीत बसला. घामाने सदरा पाठीला चिकटला होता, मिशी नव्हती, नोकरी नव्हती. लपायला जागाच उरली नव्हती.

"बरं. ऐका तर मग. ओर्तांसबाई, तुमचं सूप खारट असतं. पहिल्या दिवसापासून. तुमच्याकडून निघालो की रस्त्यातल्या प्रत्येक विहिरीवर थांबायचो मी."

"मी हिला सांगितलं होतं!" फिलोमेन आनंदाने ओरडली.

"आणि फिलोमेनबाई, तुमची वडी कोरडी. ती गिळायला मला वाइन लागायची, म्हणून मी मागायचो. मला वाइनची हौस नव्हती."

आता ओर्तांसचा चेहरा उजळला. "अगदी बरोबर. लाकडासारखी असते."

"आणि माझं काय?" झेलीने विचारलं.

फिर्मिन जरा थांबला. "तुमची कॉफी, झेलीबाई. ती कॉफी नाही. ते काय आहे मला माहीत नाही. पण कॉफी नाही."

झेली हसायला लागली. आधी खांदे हलले, मग पोट, मग डोळ्यांतून पाणी. "चिकोरीची मुळं आहेत ती! लढाईच्या वर्षांत सवय लागली. एकतीस वर्षं प्यालास तू ती!"

"काय करणार? तुम्ही ओतत होता!"

हसू टेबलभर पसरलं. मग तिघींनी त्याच्या सॅलडला हात घातला आणि तेव्हा मात्र कुणी दयामाया दाखवली नाही. व्हिनेगर जास्त झालं. काप चपलेच्या तळव्याएवढे जाड. अक्रोडांत दोन खवट. पाला चांगला होता, पण कुठला?

"कब्रस्तानाच्या भिंतीचा."

फिलोमेनने काटा बाजूला ठेवला. "कुठल्या बाजूच्या?"

"फाटकाकडच्या."

"म्हणजे माझ्या सासूच्या डोक्याशी," फिलोमेन म्हणाली, आणि विचार करून पुन्हा काटा उचलून उरलेलं पान खाल्लं. "तरीच कडवट."

फिर्मिन ऐकत होता आणि त्याचा चेहरा खुलत होता. त्याच्या हातच्या गोष्टीला कुणी नावं ठेवावीत इतकी ती गोष्ट खरी असणं, हे त्याला आयुष्यात पहिल्यांदाच मिळत होतं.

मग झेलीने सहज विचारलं, "पण बदक कुणाकडचं? ओर्तांसचं ना?"

"माझं? मला वाटलं फिलोमेनचं. म्हणून तर मी येतानाच नाराज होते."

"माझं नाही!"

तिघी फिर्मिनकडे वळल्या.

"सामातांहून आणलं," तो पुटपुटला.

खारट सूप, कोरडी वडी, चिकोरी, सगळं त्यांनी हसून सोडलं होतं. हे नाही सोडलं. परक्या दरीतलं बदक! तिघींच्या तिन्ही अंगणांत बदकं असताना! एकतीस वर्षांत प्रथमच तिघी एका बाजूला होत्या, आणि त्यांचा आवाज बाहेर रस्त्यावर ऐकू जात होता. तिघींचंही मन दुखवायचं नव्हतं म्हणून, असं फिर्मिनने सांगायचा प्रयत्न केला. त्याने जास्तच भडका उडाला.

शेवटी ओर्तांसने हात वर केला. "आणि दुसरी गोष्ट. चार आठवडे तू आला का नाहीस?"

"कसा येणार? पत्रं नाहीत आता माझ्याकडे. तो नवा मुलगा आणतो."

"तो! तो गाडीतूनच पेटीत टाकतो आणि जातो. इंजिनसुद्धा बंद करत नाही. मी काय त्याच्यासाठी सूप करते? चार आठवडे सूप कोंबड्यांना घालतेय मी."

"कोंबड्या पाण्याकडे पळत असतील," फिलोमेन म्हणाली.

फिर्मिन उठला आणि कपाटावरचं पातेलं काढून गरम करायला आत गेला. त्या दुपारी त्यांनी सूप प्यालं, तंगड्या खाल्ल्या, केक संपवला. आन्सेल्म सोफ्यावर झोपला. चार वाजता झेलीने भांडी विसळली आणि फिर्मिनने पुसली.

पुढच्या हिवाळ्यापर्यंत तिन्ही घरांत कोमट सॅलड सुरू झालं. ओर्तांस म्हणायची, मी व्हिनेगर कमी करून ते सुधारलं. फिलोमेन त्यात सुक्या आलुबुखाराचे तुकडे घालून त्याला स्वतःचंच म्हणायची. फिर्मिनचं नाव कुणी घेत नव्हतं, आणि तो कुठेही बसून खाताना म्हणायचा, "व्हिनेगर अजून जास्तच आहे." आता त्याला खरं बोलायची गोडी लागली होती, आणि सगळ्यांना ती सहन करावी लागत होती.

झेलीने मात्र त्याला खाऊ घालण्याआधी कामाला लावायचं ठरवलं. नोव्हेंबरच्या एका सकाळी तो तिच्या अंगणात ओंडक्यावर बसून बदकाची पिसं उपटत होता. मांडीवर बदक, बाजूला गरम पाण्याची बादली, आणि वारा नेमका त्याच्या तोंडावर. भुवयांत, कानांत, कोटाच्या खिशांत पिसंच पिसं.

"अरे माणसा, वाऱ्याकडे पाठ कर!" झेली दारातून ओरडली. "एवढी वर्षं सायकल चालवलीस, वारा कुठून येतो हे कळलं नाही?"

फिर्मिनने पीस थुंकलं, ओंडका फिरवला आणि विचारलं, "जेवायला काय आहे?"

"आधी ते संपव. मग बघू."